अर्ध्या सिकूच्या दोघी

अँडीजच्या उंच पठारावर कोल्यापाता नावाचं गाव आहे. आता तिथे रस्ता झाला आहे. पण लामांचे कळप चालून चालून जी पायवाट पडेल तेवढीच वाट होती, तेव्हाची ही गोष्ट. लामा म्हणजे तिकडची लांब मानेची, लोकरीची जनावरं. माणसं त्यांच्या मागून चालत आणि फार लांब जात नसत.

त्या गावात सिकू वाजवतात. बोरूच्या लहानमोठ्या नळ्या शेजारीशेजारी बांधल्या की सिकू होतो, पण एका सिकूच्या रांगा दोन. एक सात नळ्यांची, एक सहा नळ्यांची. सूर दोन्हींत वाटलेले. एकीतला सूर दुसरीत नाही, म्हणून एका चालीला दोन माणसं लागतात. एक फुंकतो तेव्हा दुसरा श्वास घेतो. तिथली हवा इतकी विरळ, की एकट्याने सगळी चाल फुंकली तर डोळ्यांपुढे अंधारी येते.

कोणी कोणाबरोबर वाजवायचं हे म्हातारे ठरवत. वाजवायचं पुरुषांनी आणि नाचायचं बायकांनी. का, ते सांगायची कोणाला गरज वाटली नव्हती.

तोमासा आणि इलारिया या दोघी लामा राखणाऱ्या पोरी. खालच्या मुलखातून आलेल्या फिरस्त्याला लोकर देऊन त्यांनी बोरू घेतला. तोमासाने सात नळ्या कापल्या, इलारियाने सहा. कोणाला न विचारता त्या कुरणात वाजवू लागल्या. असं म्हणतात, की त्या वाजवत तेव्हा लामा चरायचे थांबत आणि वाऱ्याकडे पाठ करून उभे राहत.

एके दिवशी गावचे ताता मेल्चोर कुरणात आले. ताता असं तिकडे वडीलधाऱ्यांना म्हणतात, वडीलपण अंगी असो वा नसो.

"बाईच्या छातीत एवढा वारा नसतो," ताता म्हणाले.

"ताता, तुम्ही इथवर चढताना चार वेळा बसलात," तोमासा म्हणाली. "आम्ही वरून बघत होतो."

इलारिया हसली. ते हसणं महागात पडलं. मेल्चोरने तिथल्या तिथे तिचं लग्न मिठागरापलीकडच्या गावात ठरवून टाकलं. जोडी मोडली की सिकू आपोआप गप्प होईल, इतका सोपा हिशेब. दोघींनी आपापले लामा त्याच्यासमोर उभे केले, रांगा खांद्याला अडकवल्या, आणि उन्हं उतरायच्या आत पठार सोडलं.

मग त्या कुठे टिकल्याच नाहीत. या जत्रेतून त्या जत्रेत, या घाटातून त्या घाटात. चौथा दिवस एका गावी उजाडला तर तोमासाचे पाय वळवळू लागत. एका डोंगरात कथलाची खाण होती. खाण ढासळली आणि माणसं आत अडकली. दोघी तोंडाशी उभ्या राहून वाजवत राहिल्या, आणि अंधारात वाट चुकलेले खाणकामगार त्या चालीच्या मागे मागे बाहेर आले. सगळे आले, असं म्हणतात. इलारियाला मात्र त्या धुळीने खोकला दिला. तो कायमचा राहिला.

नाव झालं. नाव त्यांच्या पुढे पुढे चालत किनाऱ्यावरच्या मोठ्या शहरात पोचलं. तिथे फर्मिन नावाच्या माणसाचं नाटकघर होतं. इलारिया तापाने पडली तशी तो तोमासाला म्हणाला, "दोन्ही रांगा एकीवर एक बांध आणि एकटी वाजव. इथे हवा दाट आहे बाई, श्वास पुरेल."

श्वास पुरला. ही खरी वाईट गोष्ट. तोमासाने सहा नळ्यांची नवी रांग आपल्या सातांना बांधली, सगळी चाल एकटीने वाजवली, आणि लोक उभे राहिले. तीन दिवस लोक उभे राहत होते. चौथ्या दिवशी इलारिया दारात दिसली.

"तू बरी होईपर्यंतच गं," तोमासा म्हणाली.

"मी परवाच बरी झाले," इलारिया म्हणाली. "तू विचारलं नाहीस."

आपली सहा नळ्यांची रांग घेऊन ती डोंगराकडे चालू लागली.

कोल्यापाताला लागून एक दरी आहे. इतकी रुंद, की पलीकडच्या काठावरचं माणूस मक्याच्या दाण्याएवढं दिसतं. गावात घेणार नाही असं मेल्चोरने सांगितलं, म्हणून इलारियाने पलीकडे दगडाची खोपी केली. रोज दिवस मावळताना ती वाजवी. सहा नळ्यांची अर्धी चाल. दुसरीच्या सुरांच्या जागी ती थांबे, आणि पुढे जाई. म्हातारे वैतागत. पुरी वाजव नाहीतर गप बस, असे ओरडत. ती सात वर्षं वाजवत राहिली.

सात वर्षं तोमासाही शहरं बदलत राहिली. टाळ्या संपायच्या आत ती दुसऱ्या दाराने बाहेर पडायची. शेवटी एका ऑगस्टमध्ये, गावच्या सणाच्या दिवशी, ती चौकात येऊन उभी राहिली. ज्या म्हाताऱ्यांपायी तिला गाव सोडावं लागलं होतं ते पहिल्या रांगेत बसले होते. आपल्याच गावची पोर, असं मेल्चोर शेजाऱ्याला सांगत होता.

तिने बांधलेला सिकू ओठांना लावला. पहिलं आवर्तन झालं, दुसरं झालं, तिसऱ्यात छाती रिकामी झाली. ओठ निळे पडले आणि ती गुडघ्यांवर कोसळली. तेव्हा दरीपलीकडून सहा नळ्या ऐकू आल्या, मध्ये मध्ये थांबणाऱ्या.

तोमासा रांगत काठापर्यंत गेली. तिने दातांनी गाठ सोडली, सहांची रांग दरीत फेकली आणि उरलेल्या सातांवर त्या रिकाम्या जागा भरू लागली. पहिला सूर उशिरा पोचला. दुसराही. दरी ओलांडायला सुराला वेळ लागतो. वाट बघत बसलं तर चुकतं. पलीकडचा सूर कानावर येण्याआधीच, तो येतोय असं धरून आपला सोडावा लागतो. तिसऱ्या वेळी तिने तसा सोडला आणि चाल जुळली.

मग दोघी उठल्या. एक या काठाने, एक त्या काठाने, वाजवत निघाल्या. ती दरी चार दिवस चालावं इतकी लांब आहे आणि तिच्यावर कुठेही पूल नाही. मेल्चोर थोडं अंतर तोमासाच्या मागोमाग गेला, आणि बसला. पुढे कुठेतरी दोन्ही काठ जवळ येतात असं म्हणतात. दोघींना पुन्हा कोणी पाहिलं नाही.

आजही कोल्यापातात ऑगस्टच्या सणाला मुली सिकू घेतात. जोडीदारीण जिची ती निवडते, म्हाताऱ्यांना कोणी विचारत नाही. अर्ध्या मुली अलीकडच्या काठावर उभ्या राहतात, अर्ध्या आदल्या दिवशीच निघून, दरी उतरून-चढून पलीकडे जातात. एखादीची जोडीदारीण कामाला दूर शहरात गेलेली असते, तिला येता येत नाही. ती मुलगी आपली अर्धी चाल वाजवते आणि दुसरीच्या जागा तशाच सोडते. त्या वेळी सगळं गाव, म्हातारेसुद्धा, उभं असतं. शेवटची रिकामी जागा संपेपर्यंत कोणी खाली बसत नाही.