कोनाईची मोकळी वाट

फार मागं घडलेली गोष्ट आहे. लहानांनो, तुम्ही ऐकाच, पण घरातल्या म्हाताऱ्यांनाही जवळ बसवा. ही गोष्ट त्यांचीही आहे.

एका उंच पठारावर एक गाव होतं. गावाबाहेर कोनाईचं ठाणं होतं. कोनाई म्हणजे चांदण्यांची, काळाची आणि रेघांची देवी. तिला मूर्ती नव्हती, कळस नव्हता. होती फक्त काळ्या दगडाची एक मोठी फरशी. रोज सांजेला पहिली चांदणी दिसली की त्या फरशीवर पांढऱ्या पिठीनं सत्तावीस ठिपके मांडायचे आणि ते रेघांनी जोडायचे. त्या रेघांवरून देवी चालते आणि तिच्या पावलांनी आभाळ फिरतं, असं गाव मानायचं. नियम एकच होता. शेवटची रेघ ओढायची नाही. तेवढी वाट मोकळी सोडायची.

"का?" असं कुणी विचारलं की जाणती माणसं म्हणायची, "जो आलाय त्याला जायला वाट नको का?"

ही मांडणी सगुणा काढायची. तिचा नवरा लिंबाजी पाथरवट होता. मूलबाळ नव्हतं. दोघं एका ताटात जेवायची. भाकरीचा पापुद्रा तो तिच्याकडे सरकवायचा आणि खालची जाड बाजू स्वतः खायचा. अशी चाळीस वर्षं गेली.

मग दगडाची धूळ लिंबाजीच्या छातीत बसली. तो अंथरुणाला खिळला. एका दुपारी वैद्यानं नाडी पाहिली आणि सगुणेला बाहेर बोलावून सांगितलं, "उद्याचा सूर्य ते बघतील असं वाटत नाही."

त्या सांजेला सगुणा ठाण्यावर गेली. तिनं ठिपके मांडले, रेघा ओढल्या. शेवटच्या मोकळ्या जागेपाशी तिचा हात थांबला. तिनं मागं वळून पाहिलं. कुणी नव्हतं. तिनं चिमूटभर पिठी घेतली आणि ती रेघही जोडून टाकली.

रातकिडे एकदम गप्प झाले. समोरच्या झाडावरून सुटलेलं पान हवेतच राहिलं. आभाळ ना उजेडाचं, ना अंधाराचं, शिळ्या राखेच्या रंगाचं झालं.

ती धावत घरी आली. लिंबाजी जिवंत होता. तिनं त्याचे पाय धरले आणि हसत हसत रडली.

पण सांज संपेना. चुलीत जाळ होता, भात मात्र शिजेना. दिव्याची ज्योत हलेना. डोळे मिटले तरी कुणाला झोप येईना. गावात एक पोर रडायला लागलं होतं, ते तसंच एका सुरात रडत राहिलं. किती वेळ गेला ते कुणाला सांगता येईना, कारण वेळ जातच नव्हता.

शेजारची ठकू धापा टाकत आली. "सगुणाकाकू, आमच्या पारूला बघा हो! कळ आली ती सरतच नाही. मूल ना बाहेर येतंय ना काही. डोळे पांढरे केलेत तिनं."

"येते," सगुणा म्हणाली आणि घरात वळली.

लिंबाजी तिच्याकडेच बघत होता. अडखळत तो म्हणाला, "सगुणे, श्वास आत घेतलाय, तो पुरता बाहेर जाईना. छाती फुटायला आलीय. तू रेघ जोडलीस ना?"

"जोडली."

"कशाला गं?"

"तुम्ही हवे आहात मला."

"असा?" लिंबाजीनं विचारलं.

सगुणा उठली आणि ठाण्याकडे निघाली.

फरशीवर कुणीतरी चालत होतं. उंच, काळी बाई. ती गोल वळत नव्हती. रेघ संपली की थांबायची आणि कोन करून दुसरी रेघ धरायची. तिला सावली नव्हती. चेहऱ्याच्या जागी खोल अंधार होता आणि त्यात दूरवर चांदण्या दिसत होत्या. जोडलेल्या रेघेपाशी ती पुन्हा पुन्हा यायची आणि बाहेर पडायला वाट नसल्यानं पुन्हा पुन्हा मागं फिरायची.

"आई," सगुणा म्हणाली, "माझं चुकलं."

"मग पूस," कोनाई म्हणाली. आवाज विहिरीच्या तळातून यावा तसा होता. "माणसानं काढलेली रेघ मला पुसता येत नाही."

"पुसली तर माझ्या माणसाला ठेवशील?"

"मी कुणाला ठेवत नाही. मी चालते."

"किती वेळ उरलाय तेवढं तरी सांग!"

"तो तू इथं उभी राहून घालवते आहेस."

सगुणेनं गुडघे टेकले आणि उघड्या तळहातानं ती रेघ पुसली. गार वाऱ्याचा एक झोत तिच्या अंगावरून निघून गेला. मान वर केली तेव्हा फरशी रिकामी होती आणि आभाळात चांदण्या सरकत होत्या.

ती घरी पोचली तेव्हा लिंबाजीनं श्वास सोडला होता आणि पुढचा घेतला होता. ती त्याच्या उशाशी बसली. दोघं बोलत राहिली, लग्नातल्या फजितीबद्दल, एका जुन्या भांडणाबद्दल. तो दोनदा हसलाही. तांबडं फुटता फुटता त्यानं तिच्या हातात हात ठेवला आणि प्राण सोडला. त्याच वेळी शेजारच्या घरातून नव्या बाळाचा टाहो ऐकू आला.

सगुणेनं गावासमोर सगळं कबूल केलं. पंचांनी मांडणीचं काम तिच्याकडून काढून घेतलं. तिनं मान खाली घालून ते मान्य केलं. पुढं गावात कुणी अखेरच्या दुखण्यानं पडलं की सगुणा न बोलावता जायची. दाराआड रडणाऱ्या माणसांचे हात धरून त्यांना आत न्यायची आणि म्हणायची, "इथं काय उभे राहिलात? जवळ बसा. बोलून घ्या."

तात्पर्य: काळाला कोंडून माणूस आपल्यापाशी राहत नाही, हाती आहे तो वेळ त्याला द्यावा.