नाईक म्हणावं ते एका संतालाच

आगरबंदरच्या खाडीवर हे बुटकं चॅपेल आहे ना, त्यात अंगात बाण रुतलेले संत सेबेस्त्यांव उभे आहेत. आम्ही त्यांना 'नाईक' म्हणतो. रोमच्या राजाच्या पलटणीतला एवढा मोठा लढवय्या. शेजारच्या गावांनी आपापल्या संतांना सरदार केलं, कप्तान केलं, आणि तुम्ही नाइकावर भागवलंत, असं म्हणून पाहुणे हसतात. हसा बापडे, पण आधी बसा.

फिरंग्यांच्या अमदानीत इथल्या किल्ल्यावर इनास नावाचा शिपाई होता, म्हणे. हाताखाली दहा-बारा माणसं, म्हणून नाईक. त्या शब्दावर गड्याचा भारी जीव. बायको नातालीनसुद्धा त्याला नाईकच म्हणायची. नवऱ्याचं नाव घेतलं की त्याचं आयुष्य कमी होतं, असं तेव्हा मानत. "नाईक, जेवायला बसा," "नाईक, छपराचं तेवढं बघा," असा त्यांचा संसार.

एकदा लुटारूंच्या मागावर गेलेली त्याची होडी परतलीच नाही. लोक नातालीनला काळे कपडे शिवायला सांगू लागले. ती संतापुढे गुडघे टेकून बसली. द्यायला घरात होतं काय? म्हणाली, "त्यांना जिवंत आणा, त्यांचं नाईकपण तुम्हाला वाहीन. पुन्हा दुसऱ्या कोणाला नाईक म्हणणार नाही."

इनास आला. खांद्यात बाण, पण जिवंत. नवसाचं ऐकून मात्र त्याचं डोकंच फिरलं. "रक्त सांडून मिळवलेलं पद, मला न विचारता देऊन टाकलंस?" त्याने तिच्याशी बोलणं टाकलं. तिची तर वेगळीच पंचाईत. त्याला हाक मारायला तिच्याकडे शब्दच उरला नव्हता. एका छपराखाली दोघंही मुकी होऊन वावरत, असं सांगतात.

शेवटी त्याने गाठोडं बांधलं. गावानेही एव्हाना संतालाच नाईक म्हणायला सुरुवात केली होती; दूरच्या एका ठाण्यावर मात्र त्याला अजून नाईक म्हणणारे होते. होडी खाडीच्या मध्यावर गेली, तशी नातालीन चिखल तुडवत धावली. 'नाईक' म्हटलं तर तो सवयीने वळेल, हे तिला पक्कं ठाऊक. पण मग नवस मोडणार आणि संत दिलेलं परत नेणार. नाव घ्यावं, तर त्याचं आयुष्य घटणार. कंबरभर पाण्यात ती रडत उभी राहिली. संताचा राग आला तिला, नवऱ्याचा आला, स्वतःचाही आला. मग ती बेंबीच्या देठापासून ओरडली, "इनास!"

आई गेल्यापासून त्याला त्या नावाने कोणी बोलावलं नव्हतं. त्याने वल्हं मारून होडी वळवली. पुढे चांगला म्हातारा होऊन गेला, म्हणे.

आजही संताच्या सणाला गावातल्या सगळ्या होड्या खाडीच्या मध्यावर जाऊन थांबतात. काठावरून बायका आपापल्या नवऱ्यांना नावाने हाका मारतात, आणि ज्याचं नाव येईल तोच वल्हं मारतो. ज्याची बायको वारली आहे, त्याला गावातली कोणीही बाई हाक मारते. पाण्यात कोणाला ठेवत नाहीत.