मागे चालणाऱ्याचे काम

एकदा एका मिठाच्या व्यापाऱ्याने आपल्या वृद्ध आईला मिठाचे रण दाखवून आणायचे ठरवले. खरे तर ठरवले आईनेच. पण घरात जे ठरते ते आपणच ठरवले असे मानण्याची त्या गृहस्थाला सवय होती. एके दिवशी जेवताना आई म्हणाली, "तुझे आजोबा मीठ विकायचे, वडील विकायचे, तूही विकतोस. ते येतं कुठून, हे आपल्यापैकी कुणी पाहिलंय का?" व्यापाऱ्याने पाहिले नव्हते. त्याच्या लेखी मीठ गोणीतून येत असे. त्याने चौकशी केली आणि त्या प्रदेशातल्या एका वृद्ध वाटाड्याला निरोप धाडला.

रणाचा प्रवास अनेक दिवसांचा असतो. आधी बाभळींचा मुलूख लागतो, मग बाभळी खुरट्या होत जातात, मग नुसते गवत राहते आणि एका सकाळी तेही संपते. पुढे दृष्टी पोचेल तिथवर सपाट, पांढरी, कोरडी भूमी. तिच्यावर झाड नाही, दगड नाही, टेकडी नाही. मध्यभागी मात्र मातीचा एक उंचवटा आहे, त्याला बेट म्हणतात. त्या बेटावर पावसाचे पाणी साठवणारे एक जुने टाके आहे. प्रवासी बेटापर्यंत पुरेल एवढेच पाणी बरोबर नेतात, कारण त्याहून जास्त ओझे झाले की उंटांचे पाय मिठात रुततात. बेट सापडले की पुढचा प्रवास, परतीचा प्रवास, सगळे निश्चिंत. बेट चुकले तर पुढे काय होते, ते सांगायला सहसा कुणी परत येत नाही.

हा वृद्ध वाटाड्या त्या रणात उभे आयुष्य चालला होता. त्या मुलखात लोक त्याला गुरुस्थानी मानत. वाटाड्याला गुरू म्हणणे कुणाला अति वाटत असेल, तर त्याने एकदा रणात जाऊन यावे. त्याच्या हाताखाली एक शिष्य होता. वय तिशीकडे झुकलेले, स्वभाव नम्र, बुद्धी चांगली. गुरूच्या आधी तो जेवत नसे, गुरूच्या बरोबरीने आसनावर बसत नसे, आणि उन्हात चालताना गुरूच्या सावलीवर पाय पडू नये म्हणून जपत असे. शिष्य खरोखरच चांगला होता. पुढे जे घडले ते त्याच्या चांगुलपणामुळेच घडले.

रणात वाटाडे नेहमी दोन असतात. एक सर्वांच्या पुढे चालतो. मिठाच्या पांढऱ्या पापुद्र्याखाली कुठे कठीण जमीन असते, तर कुठे उंट गिळणारा चिखल. पुढचा माणूस काठी ठोकत, पायाने जमीन चाचपत जातो. त्याची नजर सदैव खाली असते, त्यामुळे दिशा त्याला राखता येत नाही. आणि समोर धरायला झाडच नसेल तर कोणताही माणूस नकळत एका अंगाला वळत जातो. आपण सरळच चाललो आहोत अशी त्याची पक्की खात्री असते. म्हणून दुसरा वाटाड्या सर्वांत मागे चालतो. तिथून त्याला पुढची सगळी रांग दिसते, आणि मागे वळले की मिठावर उमटलेली पावलांची काळपट रेघही दिसते. रेघ वाकू लागली की तो मागून हाक मारतो. पुढच्याने मागे बघायचे नाही, विचारायचे नाही, फक्त वळायचे, अशी तिथली रीत आहे.

वृद्धाच्या मागे आजवर खेमा नावाचा त्याचा जोडीदार चालत आला होता. गेल्या पावसाळ्यात खेमा वारला. यंदा त्याच्या जागी प्रथमच शिष्य चालणार होता.

रणाच्या काठावर पूर्वजांनी दगडांच्या दोन खुणा रचून ठेवल्या आहेत. त्या दोन्ही खुणा पाठीशी एका रेषेत धरून चालू लागायचे, आणि त्या दिसेनाशा झाल्या की पावलांची रेघ सांभाळायची, म्हणजे दिवस मावळायच्या आत बेट येते. पहाटे निघण्यापूर्वी शिष्याने गुरूच्या पायांवर डोके ठेवले. गुरू म्हणाला, "रेघ वाकली की हाक मार. तेवढंच काम आहे तुझं."

मंडळी निघाली. पुढे वृद्ध, त्याच्यामागे उंटावर व्यापाऱ्याची आई, मग व्यापारी, मग सामानाचा उंट आणि अखेरीस शिष्य. डोळ्यांपुढचा पांढरेपणा पाहून व्यापाऱ्याची प्रथम वाचाच बसली. मग ती परत आली आणि यातून केवढ्या गोणी भरतील याचा अंदाज तो मोठ्याने सांगू लागला. आई वरून म्हणाली, "नुसतं बघ की जरा." तो बराच वेळ नुसते बघत राहिला.

काठावरच्या खुणा दिसेनाशा झाल्यावर थोड्याच वेळात शिष्याच्या लक्षात आले की रेघ वाकते आहे. वळण डावीकडे होते, अगदी किंचित. त्याने मागे पाहिले, पुढे पाहिले, पुन्हा मागे पाहिले. शंका उरली नाही. त्याने हाक मारायला तोंड उघडले आणि त्याच्या मनात आले, आपण कुणाला हाक मारतो आहोत? या माणसाने आपल्याला रण शिकवले. जमीन मऊ लागली असेल, म्हणून ते बाजूने नेत असतील. त्यांना दिसते ते आपल्याला थोडेच दिसते? शिवाय परक्या माणसांदेखत गुरूला मागून ओरडून वळवायचे, हे त्याच्या जिभेवर येईना. त्याने तोंड मिटले. गुरू पुढे आपणहून सावरतील असे त्याने स्वतःला सांगितले आणि तो पावलांच्या रेघेकडे पाहत चालत राहिला. रेघ वाकत गेली. ती हात-हात वाकताना त्याने पाहिली, आणि दर वेळी गप्प राहणे त्याला आधीच्यापेक्षा सोपे गेले.

दुपार कलली तेव्हा समोर बेटाची काळी ठिपकी दिसायला हवी होती. ती दिसली नाही. वृद्ध थांबला, काठीवर रेलला आणि सकाळपासून प्रथमच मागे वळला. त्यांची पावले मिठावर कोयत्यासारखी वाकून गेली होती.

"कधी वाकली?" त्याने विचारले.

"खुणा गेल्या, त्यानंतर लगेच," शिष्य म्हणाला.

"तू पाहिलंस?"

"पाहिलं."

 मग बोलला तो व्यापारी. त्याने दोघांनाही बरेच काही ऐकवले, आणि त्यात चूक काही नव्हते. पाण्याची एकच पखाल उरली होती आणि तीही निम्मी. उंटावरच्या म्हातारीचे ओठ सुकले होते. तिने पाणी मागितले नव्हते. ती मुलाला एवढेच म्हणाली, "ओरडू नकोस, तहान वाढते."

वृद्धाने शिष्याला विचारले, "किती वाकली, सांगता येईल?"

शिष्याला सांगता येत होते. त्या रेघेकडे तो अपराध्यासारखा अखंड पाहत आला होता, त्यामुळे तिचे वळण त्याला पाठ झाले होते. त्याने हात लांब करून दिशा दाखवली. त्या दिशेलाही बेट दिसत नव्हते; फक्त पांढरे होते.

तेव्हा व्यापाऱ्याने एक सूचना केली. "तुम्ही जुने जाणते आहात. तुम्ही मागे या आणि दिशा सांभाळा. हा तरुण आहे, याला पुढे घाला. जो गप्प बसला त्यालाच पुन्हा मागे ठेवायचं, आणि जो वाकडा चालला त्यालाच पुन्हा पुढे, हा कुठला न्याय?" सूचना शहाणपणाची होती. कुणीही समंजस माणूस तेच म्हणाला असता.

वृद्धाने मान हलवली. "नाही शेठजी. मी पुढेच चालतो. तो मागेच राहील."

एवढे बोलून त्याने काठी उचलली आणि शिष्याने दाखवलेल्या दिशेला तो चालू लागला. व्यापाऱ्याने आईकडे पाहिले, आकाशाकडे पाहिले, आणि दुसरा उपाय नव्हता म्हणून तोही निघाला.

थोडे अंतर गेल्यावर वृद्धाचे पाऊल पुन्हा डावीकडे झुकू लागले. शिष्याने ते पाहिले. सकाळचा संकोच अजून सुटला नव्हता. पुढे उंटाच्या पाठीवर म्हातारीची मान खाली गेली होती आणि उंटाच्या चालीबरोबर हलत होती.

"बाबा," तो म्हणाला, "उजवीकडं."

ते कुणालाच ऐकू गेले नाही. उंटाच्या गळ्यातल्या घंटेचा आवाज त्याहून मोठा होता. रेघ आणखी वाकली. मग शिष्याने छाती भरून घेतली आणि त्या निर्मनुष्य रणात जन्मात प्रथमच गुरूच्या पाठीवर ओरडला, "बाबा, उजवीकडं!"

वृद्ध वळला नाही, थबकला नाही. काठी ठोकत तो फक्त उजवीकडे सरकला आणि पावलांची रेघ सरळ झाली. पुढच्या वेळी हाक लवकर आली. नंतर नंतर तर शिष्याच्या आवाजात करडेपणा आला, एकदा तो चक्क चिडून म्हणाला, "बाबा, किती डावीकडं जाताय!" आणि आपण काय बोललो हे कळून त्याने जीभ चावली. वृद्ध तेवढाच उजवीकडे झाला.

ऊन पिवळे होत आले असताना समोर एक काळी ठिपकी दिसली. व्यापाऱ्याला ती प्रथम दिसली, पण या खेपेस त्याने ती आपण शोधली असे म्हटले नाही. टाक्याला पाणी होते. त्याने आईला उतरवले, आपल्या ओंजळीने तिला पाणी पाजले, आणि तिने डोळे उघडून "आता तू पी" म्हटल्यावर तो लहान मुलासारखा रडला. उंट प्यायले. मग वाटाडे प्यायले.

म्हातारी सावरून बसल्यावर शिष्य गुरूपाशी आला आणि खाली बसला. त्याला एक गोष्ट उमगली होती असे त्याला वाटत होते, आणि तिच्यामुळे त्याला थोडा धीरही आला होता.

"बाबा, आता कळलं," तो म्हणाला. "तुम्ही सकाळी मुद्दाम वाकडे चाललात. मला शिकवायला."

"नाही," वृद्ध म्हणाला.

शिष्याने मान वर केली.

"मी खरंच चुकलो. मला वाटत होतं मी सरळ चाललोय. दुपारी सुद्धा तसंच वाटत होतं. तुला अजून हेच हवंय बघ, की मी चुकलो तरी त्यात माझं काही शहाणपण असावं. सकाळी तुझ्या डोक्यात हेच होतं, म्हणून तू गप्प राहिलास." त्याने हातातली काठी खाली ठेवली. "मला माझी पाठ दिसत नाही. कुणालाच दिसत नाही. म्हणून तर मागे माणूस लागतो. मी तुला मागे ठेवलं ते माझे डोळे म्हणून. आणि तू तिथं हात जोडून चालत राहिलास. पायांवर डोकं ठेवलंस ते चांगलं केलंस. पण आज तुझ्या त्या नमस्कारानं या आजींचा जीव गेला असता."

शिष्याने मान खाली घातली. त्याला आता धीर उरला नव्हता आणि लपायला जागाही उरली नव्हती. व्यापारी आईचे पाय चेपत होता. त्याचा हात थांबला होता.

"मग दुपारी मला पुन्हा मागे का ठेवलंत?" शिष्याने विचारले. "शेठजी म्हणत होते तेच बरोबर होतं. तुम्ही मागे असता तर हाक चुकली नसती."

"आजच्या दिवस नसती चुकली," वृद्ध म्हणाला. "पण जमीन मऊ होती, ती तुला अजून कळत नाही; पुढे मीच हवा होतो. आणि रेघ वाकताना मी पाहिली नव्हती, तू पाहिली होतीस. ज्यानं ती वाकताना पाहिली, तोच ती सरळ करू शकतो. त्यानं फक्त बोलायला हवं."

पाण्यावर वारा आला. उंट बसले. शिष्य टाक्याच्या काठावरच्या ओल्या दगडावर बोट फिरवत होता.

"खेमाकाका तुम्हाला हाका मारायचे?"

"दिवसभर. आणि गोड बोलून नव्हे."

"तुम्हाला राग नाही यायचा?"

"रोज यायचा," म्हातारा म्हणाला. "पण संध्याकाळी पाणी मिळायचं."

 पुढचे सारे दिवस शिष्य मागे चालला आणि त्याच्या हाका रणात स्पष्ट ऐकू येत राहिल्या. म्हातारीने पांढरे शुभ्र मीठ पाहिले, त्याचा एक खडा जिभेवर ठेवला, आणि मंडळी सुखरूप परत आली.

आपल्या मागून चार माणसे चालत असतील आणि मागे फारच शांत वाटू लागले असेल, तर क्षणभर थांबून आपल्या पावलांची रेघ पाहून घ्यावी.