पहिली खेप

"त्याला कोणता मंत्र दिलात, महाराज?"

अचलनाथ वाती वळत होते. त्यांनी मान वर केली नाही.

"कोणाला?"

"रावजी भोयाला. मला बारा वर्षांत दिला नाहीत, तो."

सात वर्षांपूर्वी भर पात्रात नाव उलटली, तेव्हा चौदांतले दोघेच वाचले: मठातला हा विद्वान शिष्य विश्वंभर आणि नावाडी रावजी. विश्वंभराचा धाकटा भाऊ गेला, रावजीची लेक गेली. तेव्हापासून विश्वंभर घाटाची एक पायरी उतरला नव्हता. स्नान विहिरीवर, वल्ह्याचा आवाज कानी पडला की बोटे आखडत, पोथीचे पान सुटता सुटत नसे. रावजी मात्र रोज उतारू नेत होता, आणि वर गातही होता. ते गाणे विश्वंभराला सात वर्षे सलत होते.

"लेक बुडाली त्याच पाण्यावर गातो. एक तर त्याला काळीज नाही, नाहीतर तुमचा मंत्र आहे."

"उद्या पहिली खेप बघ."

"ती बघत नाहीत, महाराज. ती नदीची."

"तू बघ."

पहिली खेप रिकामी जायची, आणि ती परतेपर्यंत उतारूंनी नदीकडे पाठ करून उभे राहायचे, असा त्या घाटाचा रिवाज. तो सात वर्षांपूर्वी नव्हता, हे शास्त्रे मुखोद्गत असलेल्या विश्वंभराच्या कधी ध्यानात आले नाही.

सकाळी तो सर्वांत वरच्या पायरीवर थांबला. खाली उतारू पाठमोरे. रावजीने नावेला लांब दोर बांधला, दुसरे टोक काठावरच्या करंजाला. मध्यधारेशी पोहोचताच त्याच्या हातून वल्हे गळले. तो नावेत गुडघ्यांवर कोसळला, थरथरत राहिला, पाण्यात ओकला... मग तोंड धुऊन, दोर ओढत ओढत काठाला आला.

उतारू वळले. नाव भरली. दुसऱ्या खेपेला गाणे सुरू झाले.

विश्वंभर परतला तो लपवता न येणारे समाधान घेऊन.

"तोही बरा झालेला नाही, महाराज."

"नाही."

"रोज असंच?"

"रोज."

समाधान ओसरले. जुना मत्सर टेकायला जागा शोधू लागला...

"मग तो... गातो कसा?"

अचलनाथांनी कमंडलू त्याच्यापुढे धरला.

"आज विहिरीचं पाणी नको. नदीचं आण."

विश्वंभराची बोटे आखडली.

"रिकामा परतलास तरी चालेल," गुरू म्हणाले. "पहिली खेप रिकामीच असते."