येसूची हाळी

खूप जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की त्या गावाचं नाव आता कुणालाच सांगता येत नाही. डोंगराच्या अरुंद पट्टीवर एका ओळीत वीस घरं होती. घरांच्या मागे वरच्या अंगाला रान होतं, आणि शेवटच्या घरापासून थोडं पुढे गेलं की जमीन एकदम संपायची. तिथे कडा होता.

त्या गावात धुकं उतरायचं. हळूहळू नाही, एकदम. समोर धरलेला स्वतःचा हातसुद्धा दिसेनासा व्हायचा. अशा वेळी ज्या घरचं माणूस रानात असेल, त्या घरातली एक बाई किंवा मुलगी अंगणात उभी राहून हाळी द्यायची. हाळी म्हणजे नुसता लांबवलेला आवाज. त्यात शब्द नसायचे, नाव नसायचं. रानातला माणूस आवाज ओळखायचा आणि त्याच्या आधाराने खाली यायचा. तो उंबऱ्यात पाय ठेवेपर्यंत हाळी थांबवायची नाही, आणि आपलं कुणी बाहेर नसेल तर तोंड उघडायचं नाही, असा तिथला नियम होता.

म्हणून त्या गावात सून निवडताना तिचं रूप नंतर बघत. आधी तिची हाळी ऐकत.

कड्याजवळच्या शेवटच्या घरात येसू नावाची मुलगी राहायची. तिचा आवाज जाडाभरडा होता, मधेच फाटायचा. बायका म्हणायच्या, "हिने हाळी दिली की वाटतं, कुणी दगडावर विळा घासतंय." येसू हसायची. घरी आली की मात्र भिंतीकडे तोंड करून जात्यावर बसायची.

गावाच्या दुसऱ्या टोकाला, अगदी पहिल्या घरात साळू राहायची. तिची हाळी इतकी गोड, की ती द्यायला लागली की हातातलं काम टाकून लोक ऐकत बसायचे.

येसूचा बाप शेळ्या राखायचा. तो म्हणायचा, "गोड आवाज धुकं पिऊन टाकतं, पोरी. तुझा आवाज धुकं फाडत येतो. मी पार वरच्या टेकाडावर असलो तरी मला कळतं, आपलं घर तिकडं आहे."

"बा, तुला बरं वाटतं. पाहुण्यांना कुठं वाटतं?" येसू म्हणायची.

खोटं नव्हतं ते. दोनदा पाहुणे आले होते. दोन्ही वेळा तिची हाळी ऐकून त्यांनी एकमेकांकडे पाहिलं, गूळपाणी घेतलं आणि निघून गेले. दुसऱ्या वेळी त्यांच्यातली एक म्हातारी पायरी उतरताना म्हणाली, "माणूस घरी यायचा तो पळून जाईल." सगळे हसले. येसू दाराआड उभी होती.

त्यानंतर येसू एक गोष्ट करायला लागली. खालच्या झऱ्यावर पाणी भरायला गेली, की आजूबाजूला कुणी नाही ना हे चार वेळा बघायची आणि साळूसारखा आवाज काढून पाहायची. घसा आवळायचा, श्वास बारीक सोडायचा. पहिल्यांदा जमलं नाही. पान हाललं तरी ती दचकून गप्प व्हायची. पण वर्षभरात तिला ते इतकं जमलं, की डोळे मिटले तर स्वतः साळूलाही फरक कळला नसता.

मग तिसरे पाहुणे आले. ते लांबून, पलीकडच्या खोऱ्यातून आले होते. मुलगा शांत होता. त्याची आई येसूशी मायेने बोलत होती. तिने येसूच्या हातची भाकर मोडून बघितली आणि म्हणाली, "पापुद्रा छान सुटलाय गं." येसूला वाटलं, हे घर हातचं जाता कामा नये.

दुपार कलली होती. बाप म्हणाला, "तुम्ही बसा. शेळ्या वर सोडल्यात, तेवढ्या घेऊन येतो." आणि तो रानात गेला.

तो गेला आणि घटकाभरात धुकं उतरलं.

त्या दिवशी गावातलं बाकी सगळं माणूस घरातच होतं. रानात एकटा येसूचा बाप होता. आई म्हणाली, "येसू, बाला हाळी दे."

मुलाची आई सावरून बसली. "बरं झालं. आता ऐकायलाच मिळेल."

येसू अंगणात गेली. पाठीमागे ओसरीवर पाहुणे होते, समोर नुसतं पांढरं. तिच्या मनात आलं, आवाज कसाही असला तरी येणार आपल्याच अंगणातून ना? बा त्या रोखाने बरोबर येईल. तिने घसा आवळला, श्वास बारीक सोडला आणि साळूच्या आवाजात हाळी दिली.

आईने चमकून तिच्याकडे पाहिलं. पण पाहुण्यांच्या माना डोलत होत्या. ती पाहुण्यांना गूळपाणी द्यायला वळली.

येसू हाळी देत राहिली. काही वेळाने वरून घंटा वाजल्या. शेळ्या खाली येत होत्या. घंटा जवळ आल्या, घरामागच्या पायवाटेवर आल्या. आणि धुक्यातून बापाचा आवाज आला.

"साळू, बाळ, तुझ्या घरचं कोण अडकलंय गं वर? मला तर कुणी दिसलं नाही."

येसूची हाळी थांबली.

"आणि आमची येसू का गप्प आहे? तिला बरंबिरं नाही का?" मग तो स्वतःशीच बोलावं तसं म्हणाला, "असू दे. इथून वाट पाठ आहे मला. तुमच्या घरापासून आमचं दार तीनशे पावलं."

त्याला वाटत होतं, आपण पहिल्या घरामागे आहोत. तो शेवटच्या घरामागे होता. पुढे तीनशे पावलं जायला जमीनच नव्हती.

येसूला सगळं एका क्षणात कळलं. तिने तोंड उघडलं. पण ओसरीवरून मुलाच्या आईने विचारलं, "कोण बोलतंय गं?" आणि येसूचा घसा तसाच आवळलेला राहिला. एक श्वास गेला. दुसरा गेला. तिसऱ्या श्वासाला तिने आपल्या खऱ्या, फाटक्या आवाजात हाळी दिली. धुकं फाडत जाणारी हाळी.

पलीकडे घंटा थांबल्या. शेळ्यांना कडा कळतो. त्या काठावर उभ्या राहिल्या होत्या.

येसू हाळी देत राहिली. आई तिला हाताला धरून आत ओढत होती तरी देत राहिली. धुक्यातून एकही शब्द परत आला नाही.

धुकं विरलं तेव्हा गावकरी दोर घेऊन खाली उतरले. त्यांनी बापाला वर आणलं. त्याच्या मुठीत काठी तशीच होती.

पाहुणे निघाले तेव्हा मुलाची आई येसूपाशी थांबली. तिचे डोळे भरले होते.

"नंतर दिलीस ती तुझी हाळी होती?"

येसूने होकाराची मान हलवली.

"मग आधीच का नाही दिलीस, बाई? आमच्या खोऱ्यात धुकं याहून दाट असतं. आम्ही असाच आवाज शोधत होतो."

त्या वाटेने ते पाहुणे पुन्हा आले नाहीत, आणि तिनेही कधी त्या वाटेकडे पाहिलं नाही.

त्या दिवसापासून सून पाहताना हाळी ऐकायची चाल गावाने बंद केली. कुणी ठरवून केली नाही, कुणाला विचारावंसंच वाटेना. आणि गावाचा जुना नियम एकटी येसू मोडायची. धुकं उतरलं, की तिच्या घरचं कुणी बाहेर नसताना ती अंगणात उभी राहायची आणि स्वतःच्या आवाजात हाळी द्यायची. तिला कुणी अडवलं नाही. रानातले लोक म्हणत, "तो आवाज आला की समजायचं, कडा जवळ आहे, मागे फिरा." त्या आवाजाने कितीतरी माणसं सुखरूप घरी पोचली. ज्याच्यासाठी ती हाळी होती, तो तेवढा पोचला नाही.

म्हणून लहानांनो, मोठ्यांनो, एवढं ध्यानात ठेवा: आपली माणसं आपल्याला आपल्या खऱ्या आवाजावरून शोधत असतात, तो लपवला तर त्यांची वाट चुकते.