थरथरणारा साकव

एकदा एका तरुण आईची झोप उडाली. कारण ऐकाल तर हसाल. पूल थरथरला की माणसं घाबरतात. हिला ओढ्यावरचा साकव थरथरत नाही, याची धास्ती लागली होती.

पण तिचं जगच निराळं होतं. तिथल्या टेकड्या, विहिरी, उंबरठे, सगळं गोष्टींनी विणलेलं. एखाद्या वस्तूजवळ बसून कुणी त्या वस्तूची गोष्ट सांगू लागलं की ती वस्तू हलकेच थरथरे. लोक त्याला कथाकंप म्हणत. तो कानांना ऐकू येत नसे, तळपायांना कळे. ज्या वस्तूला बरेच दिवस कंप लाभत नसे, ती जुन्या धोतरासारखी कडेकडेनं विरत जाई.

हा साकव तिच्या वडिलांच्या गोष्टीचा. ती लहान असताना तापानं फणफणली होती, वैद्य पलीकडच्या काठावर, आणि ओढा दुथडी भरलेला. वडिलांनी तिला खांद्यावर घेऊन तो पार केला. पुढे ती गोष्ट त्यांनी इतक्यांदा सांगितली की त्याच जागी साकव विणला गेला. त्यावर पाय सोडून बापलेक बसत, आणि गोष्ट सुरू झाली की तिच्या टाचांना गुदगुल्या होत. आता वडील नव्हते. साकवाच्या कडा विरू लागल्या होत्या. हा गेला की त्यांचं म्हणून जगात काही उरणार नव्हतं.

बाई शिकलेली होती, त्यामुळे काळजीसुद्धा पद्धतशीर करायची. तिनं वडिलांची गोष्ट शब्दन् शब्द पाठ केली. रोज लेकीला साकवावर बसवून ती सांगू लागली. "मध्ये बोलायचं नाही हं, माझा शब्द चुकेल." लेक शहाण्यासारखी तोंडावर बोट ठेवून बसे. साकव मात्र ढिम्म.

शेवटी तिनं आपल्या वृद्ध गुरुजींना साकवावर आणलं. लेकही नेहमीसारखी तोंडावर बोट ठेवून शेजारी बसली.

"गुरुजी, माझंच काहीतरी चुकतंय. मला जमत नाहीये."

"सांग बघू."

तिनं सांगितली. एक अक्षर इकडचं तिकडे झालं नाही.

"तोंडपाठ आहे," गुरुजी म्हणाले. "माझ्याकडे शिकत होतीस तेव्हा कधी एवढं पाठ केलं नाहीस ते!"

मग त्यांनी स्वतः तीच गोष्ट सुरू केली. तेच शब्द, तोच क्रम. "…आणि पाणी बाबांच्या छातीला लागलं, तेवढ्यात पायाखालचा धोंडा सरकला, आणि…" इथे ते थांबले. खिशातून फणसाच्या भाजलेल्या आठळ्या काढल्या आणि निवांत सोलू लागले.

"विसरलात का? पुढं मी सांगू?"

गुरुजींनी नुसता हात वर केला. एक आठळी तोंडात टाकली. दुसरी सोलायला घेतली. लेकीची चुळबुळ सुरू झाली. तिनं आईकडे पाहिलं, आजोबांच्या वयाच्या त्या माणसाकडे पाहिलं, आणि तोंडावरचं बोट काढून एकदम म्हणाली, "मग?"

आईच्या तळपायांना काहीतरी जाणवलं. फार पुसट. पण ओळखीचं.

"तू शिकलीस की गोष्टीला सांगणारा लागतो," गुरुजी म्हणाले. "खरं आहे ते. पण कंप एकट्या सांगणाऱ्याचा नसतो, पोरी. तो दोघांच्या मधे उठतो. तुझे वडील सांगायचे तेव्हा मी काठावर आंघोळीला असायचो. एक वाक्य धड पुरं होऊ द्यायची नाहीस तू. का, मग, खरंच का. ते वैतागायचे."

"हो. 'तूच सांग आता' म्हणायचे. मला वाटायचं, मी त्यांची गोष्ट बिघडवत होते."

"तू विणत होतीस. आता त्यांचे सगळे शब्द जपलेस आणि नेमके तुझे गाळलेस. अर्धी गोष्ट जपून साकव कसा टिकायचा?"

तिनं लेकीला जवळ ओढून घेतलं आणि अडलेली गोष्ट पुढे नेली. "धोंडा सरकला, पण बाबा सावरले. मग ते मोठमोठ्यानं गाणं म्हणायला लागले. पार पलीकडच्या काठापर्यंत गातच गेले. इतके खुशीत होते."

"आई, आजोबांना पोहता येत होतं?"

उत्तर पाठ केलेल्या गोष्टीत नव्हतं. "माहीत नाही गं," ती म्हणाली. "एवढं सगळं विचारलं, हे विचारायचंच राहिलं."

लेकीनं थोडा विचार केला.

"नसणार येत. रात्री मोरीत एकटी जाते ना, तेव्हा मीपण असंच मोठमोठ्यानं गाणं म्हणते."