ठकूचं मूळ

फार वर्षं झाली या गोष्टीला. किती, ते विचारू नका. सांगणाऱ्यानं मोजली नाहीत, ऐकणाऱ्यानं तरी कशाला मोजायची? घाटमाथ्यावर तळकोंड नावाची धनगरांची वाडी होती. वाडीच्या वर झोळाईची राई, आणि राईत एक म्हातारं जांभळाचं झाड. ते झाड बुंध्यापासून फांद्यांपर्यंत दगडफुलानं झाकलेलं होतं. नाव दगडफूल, पण ते दगडही नव्हे आणि फूलही नव्हे. करडे, कुरळे पापुद्रे सालीला बिलगून वाढतात, उन्हात कुरकुरीत होतात आणि धुकं आलं की मऊ, हिरवट होतात. कच्चं हुंगलं तर कळतही नाही; पण गरम तेलात पडू द्या, वाटसरू वाट सोडून चुलीशी येतो.

चैत्रात झोळाईची जत्रा असे. जत्रेच्या पंगतीचा मसाला या जांभळाच्या दगडफुलाशिवाय होत नसे, आणि ते आणायचा मान कारभाऱ्याच्या घरच्या नव्या सुनेचा. कोंडजीबाबा वाडीचा कारभारी, आणि त्याची नवी सून ठकू.

ठकू खालच्या कोकणातली. आईबाप पटकीच्या साथीत एका आठवड्यात गेले. लांबच्या मावशीनं वाढवलं, आणि लग्न लावून दिल्यावर तीही हात झटकून मोकळी झाली. श्रावणात पंचमीला इतर सुनांना माहेराहून मूळ आलं. कुणाचा भाऊ, कुणाचा बाप न्यायला दारात येऊन उभा राहिला. ठकू सगळ्यांना वाटेला लावून आली आणि म्हणाली, "आमाला मूळच न्हाई, बरंय की! चालायचे पाय वाचले." ती हसली. ते हसणं खोटं होतं हे वाडीला कळलं, पण नुसतं कळून काय होतं?

म्हणून जत्रेचं काम सांगितलं तेव्हा तिला कोण आनंद झाला! आता हे घर आपल्याला आपलं म्हणेल, असं तिला वाटलं. निघताना कोंडजीबाबा रानातला जुना नियम बोलला, "काय बी घे पोरी, पर मूळ ठेव." ठकूनं पदराला गाठ मारली.

राईत जाऊन तिनं खुरप्यानं एक पापुद्रा उचलला. खाली मूळ नाही. दुसरा उचलला, त्यालाही नाही. दगडफुलाला मूळ नसतंच, ते नुसतं धरून राहतं. ठकूनं विचार केला, मूळच नाही तर ठेवायचं काय? आणि तिनं सकाळपासून उन्हं कलेपर्यंत हात पोचेल तिथवर, मग फांद्यांवर चढून, सगळं झाड खरवडलं. तीन टोपल्या भरल्या. ओव्या गात ती खाली आली.

टोपल्या पाहून बायका राईकडे बघू लागल्या. कोंडजीबाबा वर जाऊन आला आणि ओट्यावर मटकन बसला.

"झाडाचं लुगडं फेडलंस गं," तो म्हणाला.

"मामंजी, तुमीच म्हनालात मूळ ठेव. त्याला मूळच न्हवतं. मग म्या ठिवू काय?"

याला उत्तर वाडीत कुणापाशी नव्हतं. उत्तर नसलं की माणसं रागावतात. कोंडजीबाबा उठला आणि म्हणाला, "झाडाला लुगडं नेसिवशील तवा झोळाईच्या पंगतीला ये. तवर न्हाई."

नवरा भला होता, पण बापापुढे त्याच्या तोंडून शब्द फुटत नसे. आणि ठकूला परत जायला माहेर कुठं होतं? पंगतीबाहेर म्हणजे वाडीबाहेर, आणि वाडीबाहेर तिचं कुणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिनं एक टोपली उचलली आणि राई गाठली. पापुद्र्यांचे नखाएवढे तुकडे करून सालीच्या भेगांत बसवले, वरून लुगड्याच्या दशा काढून बांधले. वाऱ्यानं निम्मे नेले, पावसानं उरलेले. दुसऱ्या वर्षी सात तुकडे टिकले. ठकू रोज त्यांच्यापुढे नख धरून बघायची. वर्षभरात नखाच्या कडेएवढं वाढलं तर वाढलं! एकदा तिनं झाडाखाली चूल मांडली, तर धुराकडचे तुकडे पांढरे पडले. त्या दिवसापासून तिनं राईत विस्तव नेला नाही, भाकर गारच खाल्ली. ती भाकर नवरा आणायचा, न बोलता ठेवायचा आणि जाताना एखादा तुकडा बसवून जायचा.

असं म्हणतात की पुढं पुढं ती घरी येईनाशी झाली. असं म्हणतात की भर वैशाखात तिनं दरीकडे तोंड करून हाक मारली की धुकं वर चढायचं, झाडाला पाणी पाजायचं आणि तिच्या केसांत बसून राहायचं. गुराख्यांनी पाहिलं, बुलबुल तिच्या खांद्यावर उतरत होते. झाड समजूनच उतरत असणार.

बारा वर्षं झाली. कोंडजीबाबाची नजर गेली होती. पंचमीच्या आदल्या दिवशी तो काठी टेकत, एकटाच राईत आला. धुकं दाट होतं, पण आंधळ्याला त्याचं काय? त्यानं जांभळाच्या बुंध्यावर हात ठेवला. हाताला दगडफुलाची झालर लागली. वर झालर, खाली झालर. तो झाडाभोवती फिरत राहिला आणि रडत राहिला. मग हात बाजूला सरकला, तर तिथं एक खांदा होता. त्यावरही तीच झालर होती.

"ठकू?"

"व्हय, मामंजी."

"तुजं बरूबर हुतं गं पोरी. ठिवायचं काय, ते मलाच ठावं न्हवतं." म्हाताऱ्यानं काठी टाकली आणि हात जोडले. "उद्या पंचमी हाय. म्या मूळ आलोय तुला."

कुणी म्हणतात, ती हसली आणि धुक्यात विरली. मी म्हणतो, ती आली. बारा वर्षं ज्याची वाट पाहिली ते दारात आल्यावर कोण विरून जाईल? कोंडजीबाबाचा हात धरून तिनं त्याला घरी आणलं, आणि पुढच्या चैत्रात वाडीनं तिला झोळाईच्या पंगतीत पहिल्या पानावर बसवलं.

तळकोंडात आजही दगडफूल काढतात, ते निम्मंच. खुरपं उचलण्याआधी बायका म्हणतात, "मूळ असंल त्याचं मूळ ठेव, मूळ नसंल त्याचं निम्मं ठेव." राईत विस्तव नेत नाहीत, विडीसुद्धा वाडीतच विझवून जातात.

आणि पंचमीच्या आदल्या दिवशी कारभाऱ्याच्या घरचा थोरला माणूस काठी घेऊन निघतो. वाडीत ज्या सुनेला माहेर उरलेलं नाही, तिच्या दाराशी जातो. ती सून सकाळपासून नवं लुगडं नेसून बसलेली असते, तरी हाक आल्यावर दचकते.

"ठकूचं मूळ आलंय गं," तो म्हणतो, "चल घरी."